शिक्का कुणाचा, घण कुणाचा

सियालकोटमध्ये एक गोष्ट हमखास ऐकवली जाते. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस तिथल्या अमेरिकन मिशन हॉस्पिटलमधली शस्त्रक्रियेची काही अवजारे बिघडली. ती विलायतेला पाठवून दुरुस्त करून आणायची तर महिने जाणार, म्हणून डॉक्टरांनी गावातल्या लोहारांना बोलावले. लोहारांनी ती दुरुस्त केलीच, वर तशीच दुसरी घडवून डॉक्टरांपुढे ठेवली. दात काढायचे फोर्सेप, हिरड्या साफ करायचे स्केलर, मुळे उचकटायचे एलिव्हेटर आणि शस्त्रक्रियेच्या कात्र्या-चिमटे आज या गावातून जगभर जातात. त्या धंद्याची जन्मकथा म्हणून ही गोष्ट सांगतात.

गोष्ट जरा जास्तच सोयीची आहे. याच गावातल्या फुटबॉलच्या धंद्याचीही अगदी अशीच कथा आहे; तिथे डॉक्टरच्या जागी गोरा फौजी आणि लोहाराच्या जागी मोची येतो, एवढाच फरक. तरी तिच्यात तथ्य नाही असे नाही. अमेरिकेतल्या युनायटेड प्रेस्बिटेरियन पंथाचे मिशन १८५५ पासून सियालकोटात होते आणि त्यांचे दवाखानेही होते. लोहार तर त्याच्याही आधीपासूनचे. शहराजवळच्या कोटली लोहारान या गावाचे नावच त्यांच्यावरून पडले. तलवारी, ढाली, कट्यारी आणि पोलादावर सोन्याची तार ठोकून काढलेली ‘कोफ्तगरी’ ही त्यांची ख्याती. १८४९ मध्ये इंग्रजांनी पंजाब घेतला, लोकांची हत्यारे काढून घेतली आणि तलवारींचे गिऱ्हाईकच संपले. हीच कोफ्तगरी मग पेट्यांवर, दौतींवर आणि साहेबांच्या दिवाणखान्यातल्या शोभेच्या वस्तूंवर उतरली. दवाखान्याचे मोडके चिमटे गावात आले तेव्हा पाणी दिलेल्या पोलादाची नस ओळखणारे हात तिथे काम शोधत बसलेले होते.

पण हे हात नेमके कशाची नक्कल करत होते?

दात उपटणे हा प्रकार त्याआधी शंभर वर्षे मुख्यतः ‘किल्ली’वर चालला होता. दांड्याला आकडा, तो दाताला अडकवायचा आणि कुलपात किल्ली फिरवावी तसा पिळायचा. दात निघायचा, नाहीतर तुटायचा, कधी जबड्याचा टवकाही सोबत यायचा. १८४१ मध्ये लंडनचे तरुण सर्जन जॉन टोम्स यांनी याला उत्तर म्हणून नव्या घडणीचे फोर्सेप मांडले. ते घडवून दिले ज्याँ-मारी एव्हरार्ड या लंडनमधल्या अवजार कारागिराने. कल्पना साधी, पण अंमलात आणायला किचकट होती: फोर्सेपची चोच दाताच्या मानेवर अचूक बसली पाहिजे. वरच्या दाढेला गालाच्या बाजूला दोन मुळे असतात आणि टाळूच्या बाजूला एक. म्हणजे गालाकडच्या चोचीला दोन मुळांच्या बेचक्यात शिरणारे टोक हवे, टाळूकडची चोच गोलसर हवी. उजव्या दाढेला चालणारा फोर्सेप डाव्या दाढेला चालत नाही. खालच्या दातांचे वेगळे, पुढच्या दातांचे वेगळे, तुटक्या मुळांचे आणखी वेगळे. बघता बघता एका डॉक्टरच्या पेटीत डझनभर फोर्सेप आले. कारखानदाराच्या दृष्टीने ही पर्वणीच होती.

या पर्वणीचा पहिला फायदा घेतला तो लंडन आणि फिलाडेल्फियाने. लंडनमध्ये क्लॉडियस अॅश या सोन्या-चांदीच्या कारागिराने कृत्रिम दातांपासून सुरुवात केली. फिलाडेल्फियात सॅम्युअल स्टॉकटन व्हाइट यांनी १८४४ मध्ये चिनी मातीचे दात करायला घेतले. पुढे त्यांची एस. एस. व्हाइट कंपनी दवाखान्यातले जवळजवळ सगळेच विकू लागली. जेम्स मॉरिसन यांचे पायाने चालवायचे ड्रिल याच कंपनीने १८७० च्या दशकात बाजारात आणले. १८५९ पासून ती ‘डेंटल कॉसमॉस’ हे मासिकही काढत असे. माल, तो कसा वापरायचा याचे ज्ञान आणि जाहिरात, तिन्ही एकाच घरचे! आजच्या औषध कंपन्यांना या युक्तीत नवे काही वाटणार नाही.

जर्मनीतल्या टुटलिंगनची वाट निराळी. १८०३ च्या आगीत जळून गेलेले आणि पुन्हा बांधलेले हे डॅन्यूबकाठचे छोटे शहर. चाकू-सुऱ्या घडवणे आणि जोडे करणे हे तिथले धंदे. गोटफ्रीड येटर या सुरी-कारागिराने १८६७ मध्ये तिथे शस्त्रक्रियेच्या अवजारांचा कारखाना काढला. तोच पुढे ‘एस्कुलाप’ या नावाने जगभर गेला. त्याच्याकडे शिकलेल्यांनी आपापली दुकाने थाटली, त्यांच्याकडच्यांनी आणखी. आज जेमतेम पस्तीस हजार वस्तीच्या या गावात वैद्यकीय अवजारांच्या शेकडो कंपन्या आहेत.

अमेरिकेत १९०८ मध्ये शिकागोत ह्यूगो फ्रीडमन यांनी हू-फ्रीडी कंपनी सुरू केली. दंतवैद्यकाच्या हातअवजारांत या नावाला जो मान मिळाला त्यामागे एक महत्त्वाची गोष्ट आहे. क्लेटन ग्रेसी या दंतवैद्याला हिरडीच्या खोल खाचेत, प्रत्येक दाताच्या प्रत्येक बाजूला पोहोचेल असे क्युरेट, म्हणजे खरवडायचे अवजार, हवे होते. त्याने आणि फ्रीडमनने मिळून ग्रेसी क्युरेटचा संच तयार केला. त्याचे पाते दांड्याच्या शेवटच्या भागाशी सत्तर अंशांचा कोन करते, त्यामुळे एकच कड कापते आणि दुसरी हिरडीला इजा करत नाही. या संचातले आकडे आणि आकार आजही दंतवैद्यकाचे विद्यार्थी पाठ करतात. ज्याने रचना केली त्याचे नाव अवजाराला मिळाले, ज्याने विकले त्याचा शिक्का दांड्यावर आला. घडवणाऱ्याच्या नावाला दोन्हीकडे जागा उरली नाही.

सियालकोटला मोठा हात मिळाला तो युद्धांमुळे. जर्मन माल बंद झाला आणि सरकारला लष्करी इस्पितळांसाठी अवजारे हवी झाली. दुसऱ्या महायुद्धात मागणी एवढी वाढली की १९४१ मध्ये ब्रिटिश सरकारने सियालकोटात धातुकामाचे विकास केंद्र उभारले. पोलाद कसे तापवायचे, कशात विझवायचे, साचा कसा कापायचा हे लोहारांना बापाकडून कळले होते. केंद्राने त्याला तापमापक आणि नकाशे जोडले.

मग फाळणी झाली. जम्मूपासून चाळीस-पंचेचाळीस किलोमीटरवरचे हे शहर पाकिस्तानात गेले. खेळाच्या सामानातले अनेक हिंदू-शीख व्यापारी आणि कारागीर जालंधर व मेरठला आले, आणि भारतीय क्रिकेट-हॉकीच्या सामानाची ती केंद्रे झाली. अवजारांच्या कामात मात्र घण मारणारे बहुतेक मुसलमान लोहार. ते जागेवरच राहिले. व्यापारी गेले, कारागिरी उरली. उरलेल्यांतलेच काही जण पुढे निर्यातदार झाले. १९५८ मध्ये त्यांनी आपली संघटनाही बांधली.

हे काम चालते कसे, ते पाहण्यासारखे आहे. तेरा टक्क्यांच्या आसपास क्रोमियम असलेले स्टेनलेस पोलाद आणायचे, तुकडे करायचे, लाल तापवून यांत्रिक घणाखाली साच्यात ठोकायचे. कडेने बाहेर आलेला जादा धातू छाटला की फोर्सेपचा ओबडधोबड अर्धा भाग हाती येतो. मग त्याचा सांधा कोरायचा, दोन अर्धे जुळवायचे, कानशीने चोचीला आकार द्यायचा. हजार अंशांवर तापवून विझवले की पोलाद कडक होते, पुन्हा मंद आचेवर धरले की त्याचा ठिसूळपणा जातो. मग घासणे, चकाकी देणे, आम्लात बुडवून पृष्ठभाग गंजरोधक करणे. या प्रत्येक पायरीचा कारागीर वेगळा, बऱ्याचदा शेडही वेगळी. १९९० च्या दशकात तीनशेहून अधिक उत्पादक आणि त्यांच्यामागे दीड हजाराच्या घरात लहान कंत्राटदार होते. एक फोर्सेप पुरा होईपर्यंत गावात दहा-बारा दारे फिरून येतो. कारागिराला मजुरी मिळते ती नगावर.

हीच विभागणी १९९४ मध्ये अंगाशी आली. पोलादाचा आणि उष्णताप्रक्रियेचा दर्जा ठरलेल्या मापात बसत नाही म्हणून अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाने पाकिस्तानी अवजारे बंदरातच अडवायला सुरुवात केली. स्टेनलेस पोलादाला पाणी चुकीच्या तापमानाला दिले तर ते गंजते. रुग्णाच्या तोंडात जाणाऱ्या, दर वापरानंतर वाफेच्या भट्टीतून निघणाऱ्या अवजाराला गंज म्हणजे संपलेच. दहा दारांतल्या नेमक्या कुठल्या दारात चूक झाली, हे सांगणार कोण? सर्वांत मोठे गिऱ्हाईक हातचे जायची वेळ आली, तेव्हा एरवी एकमेकांचे भाव पाडणारे कारखानदार एकत्र आले. संघटनेने सरकारच्या मदतीने अमेरिकन सल्लागार आणले, उत्पादनपद्धतीचे प्रशिक्षण घेतले, कागदपत्रे ठेवायची शिस्त लावली. पोलादाच्या तपासणीसाठी १९४१ चे ते जुने केंद्र पुन्हा कामाला आले. काही वर्षांत निर्यात सावरली. कंत्राटी शेडमधल्या माणसापर्यंत या शिस्तीतले किती पोहोचले, हा प्रश्न मात्र राहिला.

दरम्यान टुटलिंगनशी एक वेगळेच नाते जुळले होते. जर्मनीत मजुरी वाढली तशी तिथल्या कंपन्यांनी साधी हातअवजारे सियालकोटहून घ्यायला सुरुवात केली: कधी नुसता ठोकलेला कच्चा नग, कधी अर्धवट घासलेला, कधी पूर्ण तयार. शेवटची प्रक्रिया, तपासणी आणि शिक्का जर्मनीत. खालिद नदवी यांच्यासारख्या अभ्यासकांनी या दोन गावांतले धागे तपशिलात उलगडले आहेत. टुटलिंगनने दुर्बिणीच्या शस्त्रक्रियेची किचकट उपकरणे स्वतःकडे ठेवली आणि चिमटे-कात्र्या सियालकोटकडे सोपवल्या. कोलोनला दर दोन वर्षांनी दंतवैद्यकाचे जागतिक प्रदर्शन भरते. तिथे सियालकोटचे दुकानदारही असतात आणि त्यांचा माल दुसऱ्या नावाने विकणारेही.

पैशाचे गणित डोळ्यांत भरते. पाकिस्तानची शस्त्रक्रिया व वैद्यकीय अवजारांची निर्यात अलीकडच्या वर्षांत ४० ते ४५ कोटी डॉलरच्या आसपास आहे, आणि ती जवळजवळ सगळी एका सियालकोटची. २०२४ मध्ये स्टेरिस या कंपनीने आपला दंतविभाग विकला. त्यातले मुख्य नाव होते हू-फ्रीडी. किंमत ७८.७५ कोटी डॉलर. कंपनीची विक्रीकिंमत आणि गावाची वर्षाची निर्यात एका तराजूत तोलता येत नाहीत, हे मान्य. तरीही शिक्क्याचा भाव काय असतो, याचा अंदाज यावा.

या स्वस्त मालाची किंमत दुसरीकडेही मोजली जात होती. घासकामाच्या शेडमध्ये धातूची बारीक धूळ, गोंगाट, उघडी चाके. आणि त्यात मुले. २००० च्या सुमारास आंतरराष्ट्रीय कामगार संघटनेने सियालकोटच्या अवजारधंद्यातील बालमजुरीविरुद्ध काम सुरू केले. २००६ मध्ये महमूद भुट्टा या ब्रिटिश सर्जनने ‘ब्रिटिश मेडिकल जर्नल’मध्ये विचारले, की न्याय्य भावाची कॉफी पिणारे डॉक्टर आपल्या हातातल्या चिमट्याबद्दल का विचारत नाहीत? पुढच्याच वर्षी स्वीडनच्या ‘स्वीडवॉच’ या संस्थेने अहवाल काढला आणि तिथल्या सरकारी आरोग्ययंत्रणांनी खरेदीच्या करारात कामगारांविषयी अटी घातल्या. गिऱ्हाईकाने विचारले तर हालचाल होते. अडचण एवढीच, की दवाखान्यातल्या खरेदीखात्याला समोर दिसते ते जर्मन किंवा इंग्रजी नाव.

सियालकोटने एक मोठी गाडी चुकवली, हेही नोंदवायला हवे. १९५७ मध्ये जॉन बोर्डन यांचे हवेवर फिरणारे ‘एअरोटर’ ड्रिल आले, मिनिटाला तीन लाख फेऱ्यांचे. दंतवैद्यकातला खरा नफा तिथून फिरत्या यंत्रांकडे गेला. जपानच्या नाकानिशी आणि मोरिता, ऑस्ट्रियाची डब्ल्यू अँड एच, जर्मनीची काव्हो, आणि २०१६ च्या विलीनीकरणातून झालेली डेंटस्प्लाय सिरोना ही त्या बाजारातली मोठी नावे. तिथे बारीक बेअरिंग, टर्बाइन आणि आता कॅमेरे व संगणक लागतात. घणाखाली ते घडत नाहीत.

भारतीय बाजारात पाकिस्तानी अवजारे उघडपणे येत, कारण स्वस्त आणि बऱ्यापैकी टिकाऊ. पुलवामातल्या हल्ल्यानंतर फेब्रुवारी २०१९ मध्ये पाकिस्तानी मालावर २०० टक्के आयातकर बसला. मे २०२५ मध्ये भारताने तिकडच्या मालाची आयात पूर्ण बंद केली, तिसऱ्या देशातून आडवळणाने येणारीसुद्धा. सियालकोटात ठोकलेला आणि युरोपात घासून शिक्का मारलेला फोर्सेप मुंबई बंदरात उतरला, तर कस्टमच्या माणसाने त्याला कुठल्या देशाचा म्हणावे?

युरोपने वैद्यकीय उपकरणांचा नवा कायदा मे २०२१ पासून लागू केला. त्यानुसार पुन्हा पुन्हा वापरायच्या साध्या हातअवजारांवर मे २०२७ पासून स्वतंत्र ओळखचिन्ह कोरावे लागणार आहे, आणि सियालकोटच्या निर्यातदारांना लेसर यंत्रांचा खर्च आहेच. पण कायद्यात ‘उत्पादक’ म्हणजे ज्याच्या नावाने वस्तू बाजारात येते तो. ती त्याने स्वतः घडवलेली असो की दुसऱ्याकडून घडवून घेतलेली. दांड्यावरचे चिन्ह वाचून पोहोचता येईल ते त्या नावापर्यंत. आणि ते नाव सियालकोटचे असायचे, तर निर्यातदाराला आधी स्वतःच्या शिक्क्याने युरोपात उतरावे लागेल.