बाबुराव पेंटर : एका कारागिराचे ऋण

मराठी चित्रपटाचा इतिहास सांगताना आपण दादासाहेब फाळक्यांपासून आरंभ करतो आणि पुष्कळदा एकदम 'प्रभात'च्या तुतारीपाशी येऊन थांबतो. या दोहोंमधला दुवा कोल्हापूरचा आहे. बाबुराव कृष्णराव मेस्त्री हे त्यांचे नाव. जगाने त्यांना बाबुराव पेंटर म्हणून ओळखले. त्यांचे स्मरण करणे आम्हाला अगत्याचे वाटते.

१८९० साली कारागिरांच्या घरात बाबुरावांचा जन्म झाला. कोणत्याही कलाशाळेची पायरी न चढता त्यांनी रंग आणि शिल्प आत्मसात केले. नात्याने भाऊ लागणारे आनंदराव हे त्यांचे जोडीदार. दोघांनी रंगविलेल्या नाटकांच्या पडद्यांना त्या काळी मोठी कीर्ती लाभली. पुढे फाळक्यांची चित्रे पाहून त्यांना सिनेमाचा ध्यास लागला. परंतु कॅमेरा आणायचा कोठून? तो स्वतःच बनविण्याचे त्यांनी ठरविले. १९१६ साली आनंदराव निवर्तले. बाबुरावांनी हाती घेतलेले काम सोडले नाही. विष्णुपंत दामले यांच्या साहाय्याने कॅमेरा सिद्ध केला. तानीबाई कागलकर या गायिकेने द्रव्यसाहाय्य केले आणि कोल्हापुरात महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली.

१९२० साली 'सैरंध्री' पडद्यावर आला. तो पाहून लोकमान्य टिळकांनी बाबुरावांना 'सिनेमा केसरी' ही पदवी दिली. बाबुराव दिग्दर्शन करीत. दृश्यांची रेखाटने, वेशभूषा आणि जाहिरातीची भित्तिपत्रके यांवरही त्यांचाच हात फिरे. रंगविलेल्या पडद्याऐवजी त्यांनी प्रत्यक्ष उभारलेले नेपथ्य आणले. १९२३ च्या 'सिंहगड'साठी कृत्रिम प्रकाशाचा वापर केला. आज आपण ज्यांना निरनिराळी खाती म्हणतो, ती त्यांच्या लेखी एकाच कारागिरीची अंगे होती. सुताराला लाकूड कळते म्हणून त्याला दारही कळते आणि देव्हाराही कळतो, तसेच हे होते.

१९२५ चा 'सावकारी पाश' हे या कारागिरीचे सर्वांत धीट फळ. नारायण हरी आपटे यांच्या कथेवरील या चित्रपटात देवदेवता नव्हत्या, राजेरजवाडे नव्हते. सावकाराच्या कर्जापायी जमीन गमावून मुंबईच्या गिरणीत पोट भरायला जाणारा शेतकरी होता. तरुण शेतकऱ्याची भूमिका शांताराम वणकुद्रे यांनी केली. हेच पुढचे व्ही. शांताराम. अद्भुतरम्य चित्रांना सरावलेल्या प्रेक्षकांनी त्याला फारसा आश्रय दिला नाही. ज्याचे दुःख पडद्यावर आले त्यानेच पाठ फिरवावी, हे पाहून कलावंताला काय वाटले असेल?

१९२९ साली दामले, फत्तेलाल, धायबर आणि शांताराम यांनी कंपनी सोडली आणि सीतारामपंत कुलकर्णी यांच्यासह 'प्रभात'ची स्थापना केली. गुरूची संस्था त्यानंतर फार काळ तग धरू शकली नाही. बाबुराव पुन्हा रंग आणि शिल्पाकडे वळले, अधूनमधून चित्रपटही करीत राहिले. १९४७ च्या 'लोकशाहीर रामजोशी'च्या दिग्दर्शनात शांतारामांच्या बरोबरीने त्यांचेही नाव आहे. १९५४ साली त्यांचे देहावसान झाले.

या जीवनाला अपयशी म्हणावे काय? संस्था मोडली. ज्या 'सावकारी पाश'मुळे त्यांचे नाव घेतले जाते, तो मूकपट आज पाहावयास मिळत नाही. परंतु दामले–फत्तेलाल यांचा १९३६ चा 'संत तुकाराम' पुढच्याच वर्षी व्हेनिसच्या महोत्सवात गौरविला गेला. देहूची ती साधी घरे आणि साधी माणसे पाहताना आम्हाला कोल्हापूरच्या त्या जुन्या कार्यशाळेची आठवण होते. एक हिंदू आणि एक मुसलमान शिष्य तेथेच एका गुरूच्या हाताखाली घडले होते.

फिल्म जळते, कुजते, हरवते. शिकविलेला हात मात्र दुसरा हात शिकवून जातो. संस्था चालविणाऱ्या आपणा सर्वांना शिष्य सोडून जाण्याचे भय असते. बाबुरावांच्या बाबतीत ते भय खरे ठरले, आणि त्यांचे सर्वांत मोठे कार्यही त्यातूनच पुढे गेले.