सन टनेल्स : वाळवंटातल्या या चार पाइपांमधून सूर्य बरोब्बर मध्यभागी कसा दिसतो?

ओसाड माळ, त्यावर काँक्रीटचा भलामोठा पाइप आणि पाइपच्या अगदी मध्यभागी लालभडक सूर्य. असा फोटो तुमच्याही फीडमध्ये कधीतरी आला असेल. पाहताक्षणी तो एडिट केलेला वाटतो, पण हे दृश्य खरं आहे. ते वर्षातून दोनदा, ठरावीक दिवसांतच दिसतं. या कलाकृतीचं नाव आहे ‘सन टनेल्स’, म्हणजे सूर्याचे बोगदे.

कुठे आहे आणि कोणी केली?

अमेरिकेच्या यूटा राज्यात, ग्रेट बेसिन वाळवंटात, लूसिन नावाच्या ओस पडलेल्या गावाजवळ ही कलाकृती आहे. ती घडवली नॅन्सी होल्ट (१९३८-२०१४) या अमेरिकन कलावतीने. १९७३ मध्ये कामाला सुरुवात झाली. १९७४ मध्ये होल्ट यांनी इथली ४० एकर जमीन विकत घेतली आणि १९७६ मध्ये काम पूर्ण झालं.

काँक्रीटचे चार बोगदे जमिनीवर आडवे ठेवले आहेत. प्रत्येकाची लांबी सुमारे १८ फूट, बाहेरून व्यास ९ फुटांहून थोडा जास्त आणि वजन सुमारे २२ टन. आत माणूस आरामात ताठ उभा राहू शकतो. चौघांची मांडणी फुलीसारखी आहे, मधली जागा मोकळी. एका टोकापासून समोरच्या टोकापर्यंत अंतर ८६ फूट.

सूर्य बरोबर मध्ये कसा येतो?

सूर्य रोज नेमक्या पूर्वेला उगवत नाही. गच्चीवरून वर्षभर पाहिलं तर लक्षात येतं, की डिसेंबरात तो एका इमारतीमागून वर येतो आणि जूनमध्ये दुसऱ्याच. २१ जूनच्या सुमारास तो उत्तरेकडचं शेवटचं टोक गाठतो आणि दक्षिणेकडे वळतो. २१-२२ डिसेंबरला दक्षिणेचं टोक गाठून पुन्हा उत्तरेकडे निघतो. (उत्तरायण म्हटलं की आपल्याला संक्रांत आठवते. सूर्य प्रत्यक्षात वळतो तो मात्र डिसेंबरातच.)

होल्ट यांनी बोगद्यांची फुली याच टोकांवर रोखली. एका रेषेत जूनचा सूर्योदय दिसतो. त्याच रेषेच्या उलट दिशेला पाहिलं की डिसेंबरचा सूर्यास्त. दुसऱ्या रेषेत जूनचा सूर्यास्त आणि डिसेंबरचा सूर्योदय. दोनच रेषा, पण चार प्रसंग त्यांत बसतात.

वळणाच्या आसपास सूर्याची उगवण्याची जागा रोज अगदी थोडीच सरकते. त्यामुळे आधीचे आणि नंतरचे साधारण १० दिवस हे दृश्य पाहायला मिळतं.

पाइपांना भोकं कशासाठी?

प्रत्येक बोगद्याच्या वरच्या अंगाला गोल भोकं आहेत. त्यांची रचना चार तारकासमूहांप्रमाणे केली आहे : कालेय, ययाति, कपोत आणि मकर. भोकांचे व्यास ७ ते १० इंच असे वेगवेगळे आहेत. तारा जितका तेजस्वी, तितकं भोक मोठं.

दुपारच्या कडक उन्हात आत शिरलात तर सावलीत प्रकाशाचे गोल आणि लांबट ठिपके पडलेले दिसतात. सूर्य सरकतो तसे तेही भिंतीवरून सरकतात, आकार बदलतात. भर दिवसा ‘तारे’ तुमच्या पायाशी असतात. रात्री चंद्रप्रकाशातही हेच घडतं, फक्त फिकट. म्हणजे ठरावीक तारखा हुकल्या तरी इथे पाहण्यासारखं रोजच काहीतरी असतं.

पण काँक्रीटचे पाइपच का?

या वाळवंटात चारही बाजूंना क्षितिजापर्यंत मोकळी जमीन आणि दूर डोंगर. नजर टेकायला जवळ काहीच नाही, त्यामुळे अंतराचा अंदाज चुकतो. इतकं अफाट दृश्य डोळ्यांत मावत नाही, हा होल्ट यांचा मुद्दा होता. ते माणसाच्या मापात आणायला एक चौकट हवी होती. १९७० च्या दशकाच्या सुरुवातीला त्यांनी ‘लोकेटर्स’ नावाच्या कलाकृती केल्या होत्या. उभ्या दांड्यावर बसवलेली छोटी नळी आणि तिच्यातून एका डोळ्याने पाहायचं. सन टनेल्स हे त्याच कल्पनेचं पुढचं पाऊल. इथे माणूस स्वतःच नळीच्या आत उभा राहतो.

त्याच काळात अमेरिकेच्या वाळवंटांत ‘लँड आर्ट’ची लाट होती. मायकेल हायझर यांनी नेवाडात ‘डबल निगेटिव्ह’साठी सुमारे २ लाख ४० हजार टन खडक हलवला. होल्ट यांचे पती रॉबर्ट स्मिथसन यांनी १९७० मध्ये यूटातच ‘स्पायरल जेट्टी’ उभारली. १९७३ मध्ये विमान अपघातात त्यांचं निधन झालं. होल्ट यांनी डोंगर हलवला नाही. पाहणाऱ्याची नजर कुठे जाईल, एवढंच ठरवलं.

हे बोगदे मुंबईत आणून ठेवले तर?

तर सूर्य हुकेल. यूटातल्या या अक्षांशावर, म्हणजे साधारण ४१ अंश उत्तरेला, जूनमध्ये सूर्य पूर्वेच्या सुमारे ३२ अंश उत्तरेला उगवतो. मुंबईत हाच कोन सुमारे २५ अंश भरतो. म्हणजे फुलीचा कोन नव्याने मांडावा लागेल. ‘स्थळविशिष्ट कला’ म्हणतात ती हीच. जागा बदलली की कलाकृतीच उरत नाही.

मग जपायचं नेमकं काय?

२०१८ मध्ये ‘डिया आर्ट फाउंडेशन’ने सन टनेल्स आपल्याकडे घेतली. या संस्थेच्या संग्रहातली एका स्त्री कलाकाराची ही पहिली लँड आर्ट कलाकृती. पण ती जपायची म्हणजे काँक्रीटच्या भेगा बुजवून भागत नाही. सूर्याच्या रेषेत एखादी इमारत किंवा टॉवर उभा राहिला, तर बोगदे जसेच्या तसे राहूनही कलाकृती निकामी होईल. रिकामं क्षितिज हाही तिचा भागच आहे, आणि ते ४० एकरांच्या बरंच पलीकडे पसरलेलं आहे.

तो फोटो पुन्हा दिसला, तर सूर्याबरोबर त्याच्या मागची मोकळी जमीनही बघा. ती मोकळी आहे म्हणूनच सूर्य तिथे दिसतो आहे.