मिसेस जॉर्डन: एका नटीचं चरित्र कोणत्या कागदांवरून लिहायचं?

एखाद्या व्यक्तीवर संशोधन करायचं ठरलं की आपण आधी नाव शोधतो. डोरोथिया जॉर्डनच्या बाबतीत गाडी तिथेच अडते. अठराव्या शतकाच्या अखेरीस लंडनच्या रंगभूमीवर विनोदी भूमिकांत तिच्या तोडीची दुसरी नटी नव्हती, असं तिला पाहिलेले लोक लिहून गेलेत. सगळे तिला 'मिसेस जॉर्डन' म्हणत. पण मिस्टर जॉर्डन नावाचा माणूस कधी अस्तित्वातच नव्हता!

तिचा जन्म १७६१ चा. लंडनमध्ये की आयर्लंडमधल्या वॉटरफर्डजवळ, यावर चरित्रकारांचं एकमत नाही. वडील फ्रान्सिस ब्लँड आयरिश, आई ग्रेस फिलिप्स नटी. वडिलांनी कुटुंब सोडलं आणि पोट भरण्याची जबाबदारी आई आणि मुलांवर आली. डब्लिनच्या रंगभूमीवर डोरोथियाने कामाला सुरुवात केली. तिथला नाट्यगृहचालक रिचर्ड डेली विवाहित होता. त्याच्यापासून तिला दिवस गेले, वर त्याचं कर्जही डोक्यावर होतं. १७८२ मध्ये आईला घेऊन तिने समुद्र ओलांडला आणि इंग्लंडमध्ये टेट विल्किन्सनच्या नाटक कंपनीत काम मागितलं.

'जॉर्डन' हे नाव इथलं. पाणी ओलांडून आलीस, म्हणून बायबलमधल्या जॉर्डन नदीचं नाव घे, असं विल्किन्सनने सुचवल्याचं सांगतात. 'मिसेस' मात्र पोटातल्या मुलासाठी. म्हणजे या नावात एक विनोद आहे आणि एक निकडीची सोयही आहे. आता गंमत बघा. त्या काळच्या इंग्रजीत 'जॉर्डन' म्हणजे रात्री पलंगाखाली ठेवायचं लघवीचं भांडं. पुढे तिचं नाव राजपुत्राशी जोडलं गेलं, तेव्हा गिल्रेसारख्या व्यंगचित्रकारांनी याच अर्थावर चित्रं काढली. जगण्यासाठी घेतलेलं नाव तिच्याच विरोधात वापरलं गेलं.

१८ ऑक्टोबर १७८५ रोजी ती लंडनच्या ड्रुरी लेन नाट्यगृहात 'द कंट्री गर्ल' या नाटकात पेगी म्हणून उभी राहिली. तिथल्या शोकनाट्यावर तेव्हा सारा सिडन्सचं राज्य होतं. जॉर्डनने विनोदाचा प्रांत घेतला. पुरुषवेशातल्या भूमिका ही तिची खासियत. शेक्सपिअरच्या रोझलिंड आणि व्हायोला तिने गाजवल्या. हॅझलिट, लॅम, ली हंट यांच्यासारखे पुढचे मोठे लेखक तिच्याविषयी भरभरून लिहितात. तिचं हसणं आणि आवाज त्यांच्या लक्षात राहिला होता.

आता खरा प्रश्न. बहुतेक संदर्भग्रंथांत जॉर्डनची नोंद 'राजा चौथा विल्यम याची प्रेयसी' अशी सुरू होते. विल्यम तेव्हा ड्यूक ऑफ क्लॅरेन्स होता. १७९० च्या सुमारास दोघांचं नातं सुरू झालं, ते १८११ पर्यंत टिकलं. त्याआधी रिचर्ड फोर्ड नावाच्या माणसाबरोबर ती राहत होती. लग्न होईल या आशेवर तिने त्याच्यासोबत वर्षं काढली, पण लग्न झालं नाही. ड्यूकच्या बाबतीत तर आशेलाही जागा नव्हती. १७७२ च्या राजघराण्याच्या विवाह कायद्यानुसार राजाच्या संमतीशिवाय त्याचं लग्न वैध ठरलं नसतं. या वीस वर्षांत त्यांना दहा मुलं झाली, पाच मुलगे आणि पाच मुली. आडनाव फिट्झक्लॅरेन्स.

'प्रेयसी' हा शब्द वाचला की वाटतं, तिला तो पोसत असणार. कागद काय सांगतात? ती या सगळ्या काळात काम करत होती. बाळंतपण झालं की थोड्याच काळात पुन्हा रंगमंचावर, आणि लंडनचा हंगाम संपला की गावोगावचे दौरे. ड्यूकला संसदेकडून तनखा होता, तरी तो सतत कर्जात. ती दौऱ्यावरून त्याला पैसे पाठवत असे. कोण कोणाला पोसतंय, असा विनोद तेव्हाच्या लंडनमध्ये चालायचा.

हे आपल्याला कळतं कशावरून? मुख्यतः तिच्या पत्रांवरून. आर्थर ॲस्पिनॉल या इतिहासकाराने ती १९५१ मध्ये संपादित करून छापली. त्यांत मुलांची आजारपणं, खेळाचं उत्पन्न, खराब रस्ते, थकवा, असं रोजचं सगळं आहे. क्लेअर टोमालिन यांचं १९९४ चं चरित्र या साहित्याचा मोठा आधार घेतं. त्या पुस्तकाच्या शीर्षकात राजपुत्र नाही, 'मिसेस जॉर्डनचा व्यवसाय' आहे. म्हणजे जुन्याच माणसाकडे नवा प्रश्न घेऊन गेलं की त्याच कागदांतून वेगळं चरित्र निघतं. तुम्ही विषय निवडताना 'यावर आधीच लिहिलं गेलंय' म्हणून थांबत असाल, तर हे उदाहरण जवळ ठेवा.

१८११ च्या शरद ऋतूत ती चेल्टनहॅमला प्रयोग करत असताना ड्यूकचं पत्र आलं. नातं संपलं. त्याला श्रीमंत वारसदारीण हवी होती आणि तशी एकीच्या मागे तो लागलेलाही होता. त्या रात्रीची एक गोष्ट प्रसिद्ध आहे. भूमिकेत तिला खदाखदा हसायचं होतं, तिथे तिला रडू कोसळलं. समोरच्या नटाने प्रसंगावधान राखून आपलं वाक्य बदललं, म्हणजे रडणंही नाटकातलंच वाटावं. गोष्ट सुंदर आहे, म्हणूनच सावध व्हायचं. ती जेम्स बोडनच्या चरित्रातून पसरली. ते १८३१ चं पुस्तक, घटनेनंतर वीस वर्षांनी आलेलं. बोडन नाट्यसृष्टीतलाच माणूस, त्यामुळे त्याला आतल्या गोष्टी ठाऊक होत्या. पण पुस्तक निघालं तेव्हा विल्यम गादीवर होता. आणि नटीबद्दलच्या आठवणी नाटकासारख्याच रचल्या जातात, हेही खरं. प्रसंग टाकून देऊ नका. 'असं सांगितलं जातं' एवढं म्हणून वापरा आणि निष्कर्ष त्यावर उभारू नका.

निष्कर्षासाठी त्यापेक्षा रुक्ष कागद जास्त कामाचा. विभक्त होताना तिला वर्षाला एकूण ४,४०० पौंड द्यायचं ठरलं. ही रक्कम मोठी दिसते. पण तिचे भाग पाडून बघा. १,५०० पौंड तिच्यासाठी. १,५०० चार धाकट्या मुलींच्या पालनपोषणासाठी. ६०० मुलींसाठी घर आणि गाडीचे. ८०० तिच्या आधीच्या नात्यांतल्या मुलींसाठी. आणि एक अट: ती पुन्हा रंगभूमीवर गेली, तर या चार मुली आणि त्यांच्यासाठीचे १,५०० पौंड ड्यूककडे परत जातील.

ही अट दोनदा वाचा. वीस वर्षं तिची कमाई चालली. नातं तुटताच तीच कमाई आईपणाला अपात्र ठरवणारी झाली. जावयांची कर्जं आणि मोठ्या मुलींच्या अडचणी समोर होत्या. १८१२ मध्येच ती रंगमंचावर परतली, मुली ड्यूककडे गेल्या. ही माहिती ड्यूकच्या बाजूच्या माणसाने त्याचा बचाव करण्यासाठी पुढे आणली होती, हे लक्षात घ्या. हेतू बचावाचा, पण अट त्यातूनच आपल्या हाती लागते. स्रोत पक्षपाती आहे म्हणून टाकून द्यायचा नसतो. त्याला जे लपवावंसं वाटलं नाही, ते पाहायचं असतं.

पुढे एका जावयाला तिने विश्वासाने कोऱ्या कागदांवर सही करून दिली. त्याने भलत्याच रकमा भरल्या. धनकोंच्या भीतीने १८१५ मध्ये ती फ्रान्सला निघून गेली आणि ५ जुलै १८१६ रोजी पॅरिसजवळच्या सँ-क्लू इथे वारली. मुलांपैकी कोणीही जवळ नव्हतं.

दोन मुलगे तर त्या वेळी हिंदुस्थानात होते. जॉर्ज आणि हेन्री यांनी आपल्या पलटणीच्या प्रमुखाविरुद्ध तक्रारीवर सही केली होती, त्या प्रकरणानंतर त्यांना इकडे पाठवलं गेलं. हेन्री १८१७ मध्ये इथेच वारला. जॉर्ज गव्हर्नर जनरल हेस्टिंग्जचा एडीसी होता. १८१७-१८ च्या मराठा युद्धाच्या वेळी खलिते घेऊन तो मुंबईमार्गे, इजिप्तवरून इंग्लंडला गेला, आणि १८१९ मध्ये त्या प्रवासाचं पुस्तक छापलं. पेशवाईच्या अखेरीवर काम करणाऱ्या कोणाच्या हाती फिट्झक्लॅरेन्सचं हे पुस्तक आलं, तर लेखकाच्या आडनावामागे ही नटी आहे हे आठवा.

१८३० मध्ये राजा झाल्यावर विल्यमने शिल्पकार चँट्रीकडून तिचा संगमरवरी पुतळा करवून घेतला. त्यात ती मुलांसह बसलेली आई आहे. वेस्टमिन्स्टर ॲबेने तो ठेवून घेतला नाही. आज तो बकिंगहॅम राजवाड्यात आहे. पुतळा हाही एक स्रोतच, म्हणून त्याला विचारायचं: कोणी, कधी, कशासाठी? जिवंतपणी ज्याने तिच्या मुली अटीवर ठेवल्या, त्यानेच तिला दगडात आई केलं. तिच्या तीस वर्षांच्या रंगभूमीवरच्या कामासाठी मात्र नाट्यगृहाच्या जाहिराती, हिशेब आणि तिची पत्रंच उघडावी लागतात. तुमच्या विषयातल्या व्यक्तीबद्दल पहिला आराखडा लिहाल, तेव्हा एक तक्ता करून बघा: हा कागद कोणी जपला आणि का जपला. दोन रकाने पुरेत, पण ते भरायला वेळ लागेल.