रोगी कल्याण समिती : परच्याचे पैसे जातात कुठे?

बालाघाट : सरकारी दवाखान्याच्या खिडकीवर परचा काढताना आपण पाच-दहा रुपये देतो, कागद खिशात घालतो आणि लाईनीत उभे राहतो. ते पैसे सरकारच्या तिजोरीत जातात असे बहुतेकांना वाटते. तसे नाही. ते रोगी कल्याण समितीच्या खात्यात जातात, आणि ही समिती म्हणजे आपल्या मध्यप्रदेशाने देशाला दिलेली गोष्ट आहे. पलीकडे गोंदिया-भंडाऱ्यात हिलाच 'रुग्ण कल्याण समिती' म्हणतात. माझी आई इकडच्या नावाला अजून नाक मुरडते. तिचे म्हणणे, दवाखान्यात जाणारा प्रत्येक जण रोगी नसतो, बाळंतीण तर मुळीच नाही.

सुरुवात इंदूरची. होळकर महाराजांच्या नावाचे तिथले मोठे रुग्णालय, म्हणजे एमवाय, नव्वदच्या दशकात घाण आणि उंदरांसाठी बदनाम झाले होते. 1994 मध्ये सुरतेत प्लेगची साथ आली आणि सगळ्यांचे धाबे दणाणले. तेव्हाचे इंदूरचे कलेक्टर एस. आर. मोहंती यांनी पेशंट दुसरीकडे हलवून अख्खी इमारत रिकामी करवली, कचरा काढला, हजारो उंदीर मारले. लोकांनी वर्गणी दिली. पण साफ झालेली इमारत साफ ठेवायला रोज पैसा लागतो, तो कुठून आणायचा? या प्रश्नातून समिती जन्मली. दिग्विजय सिंह सरकारने पुढे हीच पद्धत राज्यभर लावली. 2000 साली टोकियोत ग्लोबल डेव्हलपमेंट नेटवर्कचा पुरस्कार या प्रयोगाला मिळाला, आणि 2005 च्या राष्ट्रीय ग्रामीण आरोग्य मिशनने ती देशभर नेली.

नवीन काय होते, ते हिशेबाच्या भाषेत सांगतो. शेवटी मी कॉमर्सचा माणूस. आधी दवाखान्यात जमा झालेली फी चलनाने ट्रेझरीत भरावी लागे. ट्रेझरीत गेलेला पैसा म्हणजे वैनगंगेत ओतलेली बादली; त्यातला तांब्याभर परत पाहिजे तर भोपाळहून बजेट यावे लागे. नळ गळतोय, एक्स-रेची फिल्म संपली, तरी मंजुरीची वाट बघा. समिती मात्र सोसायटी कायद्याखाली नोंदलेली, तिचे बँक खाते वेगळे. फी तिथेच जमा, खर्चही तिथेच. शिवाय देणगी घेता येते, आवारात दुकाने काढून भाडे घेता येते, सफाई आणि चौकीदारीसाठी ठेक्यावर माणसे लावता येतात.

जिल्हा पातळीवर साधारण सभेचे अध्यक्ष प्रभारी मंत्री, कार्यकारिणीचे अध्यक्ष कलेक्टर आणि सचिव सिव्हिल सर्जन. आमदार-खासदार सभेत असतात. आपल्या शहीद भगतसिंह जिल्हा रुग्णालयाची समितीही याच चौकटीतली. म्हणजे दवाखान्यात काही अडले तर 'वरून आले नाही' हे उत्तर नेहमीच पूर्ण नसते. काही निर्णय इथेच, कलेक्टर साहेबांच्या टेबलावर होतात.

आता कामगिरी. चांगले हे की तातडीची औषधे, दुरुस्ती, पाणी-वीज यासाठी हातात रोकड आली, आणि मध्यप्रदेशातल्या कित्येक दवाखान्यांची रया बदलली. वाईट बाजूही लवकरच दिसली. फी हेच उत्पन्न असेल तर दवाखाना पेशंटकडे गिऱ्हाईक म्हणून बघू लागतो. दारिद्र्यरेषेखालच्या माणसाला माफी होती, पण कार्ड घरी राहिलेल्याला कोण माफ करणार? देशभरातल्या समित्यांच्या बैठका नियमित होत नाहीत, यावर ग्रामीण आरोग्य मिशनच्या तपासणीत कॅगने बोट ठेवले होते. आणि ज्या एमवायमधून हे सुरू झाले, तिथेच 2025 च्या ऑगस्टअखेरीस नवजात बाळांच्या वॉर्डात उंदरांनी दोन बाळांना चावे घेतले. दोन्ही बाळे गेली. मृत्यूचे कारण वेगळे होते असे प्रशासनाने सांगितले. पण तीस वर्षांपूर्वीचे उंदीर परत आले, हे तर खरेच.

मधल्या काळात फीचे महत्त्वही कमी झाले. 2011 पासून प्रसूती आणि महिन्याच्या आतल्या बाळाचे उपचार मोफत झाले, 17 नोव्हेंबर 2012 पासून राज्यात औषधेही. हे योग्यच झाले. पण समितीची मदार सरकारी अनुदानावर आली. मिशनच्या सुरुवातीच्या नियमात जिल्हा रुग्णालयाच्या समितीला वर्षाला 5 लाख रुपये होते. दिवसाचे 1,370 रुपये. आपला जिल्हा 2011 च्या जनगणनेत 17 लाखांवर, म्हणजे वर्षाला माणशी 30 पैसेसुद्धा नाहीत.

बैहर, बिरसा, परसवाडा भागात तर हिशेब आणखी उलटा. तिथे बैगा-गोंड वस्ती, फाल्सिपेरम मलेरियाचा जुना मुक्काम, आणि बहुतेक पेशंट फी माफ असलेले. जिथे गरज सगळ्यात जास्त तिथे समितीची स्वतःची कमाई सगळ्यात कमी. शहरातल्या दवाखान्याला रस्त्यावरची दुकाने भाड्याने देता येतात. जंगलातला दवाखाना दुकान कोणाला देणार? माझ्या मते या पद्धतीतला मूळ दोष हाच आहे, आणि तो कोणत्याही ऑडिटने सुटणारा नाही.

मग पेशंट जातो गोंदियाला. बाघ नदी ओलांडली की महाराष्ट्र, बालाघाटहून पाऊण-एक तासाचा रस्ता. तिथे बाई गंगाबाई महिला रुग्णालय आणि 2016 पासून सरकारी मेडिकल कॉलेज. त्याहून मोठे काही असले तर नागपूरचे मेडिकल नाहीतर मेयो. यात नवे काही नाही. 1 नोव्हेंबर 1956 पर्यंत नागपूर हीच आपली राजधानी होती, आणि 1947 साली सुरू झालेले मेडिकल आपल्याच राज्याचे. राज्याची रेषा सरकली, पेशंटची वाट तीच राहिली. आजही नागपूर आपल्याला भोपाळच्या निम्म्याहून कमी अंतरावर आहे.

रेषेमुळे होणारे घोटाळे मात्र लक्षात ठेवा. आयुष्मान कार्ड दोन्ही राज्यांतल्या संलग्न रुग्णालयांत चालते, कुटुंबाला वर्षाला 5 लाखांपर्यंत. महाराष्ट्राची महात्मा फुले योजना मात्र तिकडच्या रहिवाशांसाठी आहे. मध्यप्रदेशाचे राशन कार्ड घेऊन गेलात तर उपयोग नाही. जननी सुरक्षा योजनेत ग्रामीण बाळंतिणीला इकडे 1,400 रुपये, तिकडे 700. सासर आमगावला आणि पहिले बाळंतपण माहेरी लांजीला, असे आपल्याकडे घरोघरी. अशा वेळी लेकीचे आधार, बँक पासबुक आणि तिकडचे माता-बाल कार्ड सोबत आणा. माझ्या भाचीचे पैसे एका पासबुकापायी चार महिने अडकले होते.

समितीचा जमाखर्च बघायचा असेल तर माहितीच्या अधिकारात सिव्हिल सर्जन कार्यालयात अर्ज करता येतो. अर्जात तीन गोष्टी मागा : वर्षाचे उत्पन्न-खर्चाचे पत्रक, ऑडिट रिपोर्ट आणि बैठकांची कार्यवृत्ते. फी 10 रुपये, उत्तराची मुदत 30 दिवस. बीपीएल कार्ड असेल तर फी लागत नाही, फक्त कार्डाची झेरॉक्स जोडा.