संग्रहित चित्रण : दृश्याइतकीच नोंद महत्त्वाची

पूर्वी अन्य प्रसंगी टिपलेले आणि जतन करून ठेवलेले चलचित्र नव्या बातमीत अथवा माहितीपटात वापरले जाते, तेव्हा त्यास संग्रहित चित्रण म्हणतात. वृत्तपत्रातील छायाचित्राखाली ‘संग्रहित छायाचित्र’ असे छापलेले असते. ही खूण दूरचित्रवाणीच्या पडद्यावरही तितकीच आवश्यक ठरते.

बातमीत असे चित्रण दोन कारणांनी येते. दिवंगत नेत्याचे जुने भाषण किंवा एखाद्या वादातील पूर्वीचे आंदोलन दाखविल्याने घटनेची पार्श्वभूमी कळते. पुष्कळदा मात्र ताजी दृश्ये हाती नसल्याने केवळ रिकामी जागा भरली जाते. गतवर्षीच्या पुराची दृश्ये आजच्या पुराच्या बातमीत खुणेविना दाखविली, तर दृश्य खरे असूनही बातमी खोटी ठरते.

माहितीपटात संग्रहित चित्रण हाच अनेकदा कथनाचा कणा असतो. रशियातील एस्फिर शूब यांनी १९२७ मध्ये जुन्या वृत्तचित्रांतून रोमानोव्ह राजघराण्याच्या अस्ताची कथा जुळविली. झारच्या वैभवाची साक्ष म्हणून टिपलेली दृश्येच तेथे त्याच्या राजवटीविरुद्ध बोलू लागली. आपल्याकडे विठ्ठलभाई झवेरी यांचा ‘महात्मा’ हा १९६८ चा प्रदीर्घ चरित्रपट जुन्या चित्रफितींवरच उभा आहे.

संदर्भ बदलला की अर्थ बदलतो, आणि नोंद हरवली की सत्यही डळमळते. आयझेनस्टाइन यांच्या ‘ऑक्टोबर’ या चित्रपटातील हिवाळी राजवाड्यावरील हल्ला क्रांतीनंतर दहा वर्षांनी नट व जमाव जमवून चित्रित झाला; तरीही ती दृश्ये पुढे प्रत्यक्ष घटनेची म्हणून वारंवार वापरली गेली. म्हणून प्रत्येक चित्रणासोबत तारीख, स्थळ, चित्रणकर्ता, मूळ प्रत आणि हक्कधारक यांची नोंद हवी. भारतीय कायद्यानुसार चित्रपटावरील प्रताधिकार प्रकाशनानंतरच्या वर्षारंभापासून ६० वर्षे टिकतो. मुदत संपल्यावर वापर खुला होतो. तथापि दृश्याची ओळख अचूक सांगण्याची जबाबदारी संपत नाही.

अर्थात, वापरावयास चित्रण उरले तरच हे सारे. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी १९०१ मध्ये रँग्लर परांजपे यांच्या मुंबईतील स्वागताचे चित्रण केले. भारतीय वृत्तचित्रणाचा आरंभ मानली जाणारी ती फीत आज उपलब्ध नाही. राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय पुण्यात स्थापन झाले ते १९६४ मध्ये. तोवर बरेच काही नष्ट झाले होते. जानेवारी २००३ मध्ये पुण्यातील आगीत नायट्रेटच्या दुर्मीळ फितीही भस्मसात झाल्या.

आज प्रत्येकाच्या हाती कॅमेरा आहे. गावातील जत्रा, मोर्चा, पूर यांची दृश्ये उद्याचा संग्रह ठरतील. मात्र त्यांवर स्थळ आणि दिनांक आजच नोंदवला गेला पाहिजे.