मुरड आणि सारण

कोरियाच्या मांडूत अरबी सारण भरले, की आपल्याला ती आजची टूम वाटते. पण तेराव्या शतकातल्या ‘सांगह्वाजॉम’ या कोरियन गीतात मांडूच्या दुकानाचा मालक परदेशी आहे; अनेक अभ्यासक त्याला मध्य आशियातला मुसलमान मानतात. दहाव्या शतकातल्या बगदादी पाकग्रंथातला संबुसज आणि आपला समोसा यांचे मूळही एकच, फारसी.

नागपूर–हैदराबाद महामार्गावरच्या पांढरकवड्याला ही ये-जा नवी नाही. दक्षिणेला हैदराबादची खिम्याची लुखमी. तिच्या नावात अरबी ‘लुक्मा’, म्हणजे घास. उत्तरेला नागपूरची कोथिंबिरीने भरलेली सांभारवडी. दोन्ही तळणीतल्या. मांडूला मात्र वाफही चालते, कोकणातल्या उकडीच्या मोदकासारखी. उद्या सांभाराचे सारण मांडूत शिरून वाफवले गेले, तर सांभारवडी बाटली असे म्हणू नये. पोटाला हलकी झाली, एवढेच.