विनापरवाना व्यवसायांविषयीच्या तक्रारींचे निवारण (महाराष्ट्र)

आवश्यक परवाना, नोंदणी किंवा परवानगी न घेता चालणाऱ्या व्यवसायांविषयीच्या तक्रारींची निःपक्षपाती दखल घेणे ही महाराष्ट्रातील स्थानिक स्वराज्य संस्थांची जबाबदारी आहे. तक्रारीची चौकशी करणे, संबंधित व्यावसायिकाचे म्हणणे ऐकणे आणि कारणांसह निर्णय देणे यांचा तीत समावेश होतो. तक्रार ही चौकशीची सुरुवात असते. तिच्यामुळे दोष सिद्ध होत नाही.

सक्षम प्राधिकरण

कारवाईचा अधिकार कोणाचा, हे गाव व व्यवसाय यांवर अवलंबून असते. अमरावती व अकोला या शहरांत महाराष्ट्र महानगरपालिका अधिनियम, १९४९ लागू आहे. त्याच्या कलम ३७६ नुसार ठरावीक व्यवसायांना महानगरपालिकेचा परवाना लागतो. मोर्शीसारख्या नगरपरिषदांसाठी १९६५ चा अधिनियम आहे. मोर्शी तालुक्यातील रिद्धपूर हे महानुभाव पंथाचे तीर्थक्षेत्र व मराठी भाषा विद्यापीठाचे ठिकाण असले, तरी तेथे ग्रामपंचायत असल्याने महाराष्ट्र ग्रामपंचायत अधिनियम लागू होतो. खाद्यपदार्थांच्या विक्रीचा परवाना वा नोंदणी मात्र अन्न सुरक्षा व मानके अधिनियम, २००६ खाली येते आणि राज्यात तिची अंमलबजावणी अन्न व औषध प्रशासन करते.

ग्रामपंचायत हद्दीतील तरतुदी

सार्वजनिक रस्त्यावर किंवा मोकळ्या जागेवर दुकान थाटल्याची तक्रार असेल, तर ग्रामपंचायत अधिनियमाचे कलम ५३ लागू होते. त्यानुसार पंचायतीला अडथळा किंवा अतिक्रमण दूर करता येते. पंचायतीने कारवाई न केल्यास जिल्हाधिकारी स्वतःहून किंवा अर्जावरून ती करू शकतात. कारवाईमुळे बाधित झालेल्या व्यक्तीस विभागीय आयुक्तांकडे अपील करता येते. अशा प्रकारे तक्रारदार व दुकानदार या दोघांनाही पंचायतीबाहेर दाद मागण्याची सोय आहे. लहान गावात पदाधिकारी, तक्रारदार व दुकानदार एकमेकांचे नातेवाईक किंवा व्यवसायातील प्रतिस्पर्धी असू शकतात. त्यामुळे या सोयीला विशेष महत्त्व आहे.

न्यायालयीन निर्णय

ओल्गा टेलिस विरुद्ध मुंबई महानगरपालिका (१९८५) या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने, राज्यघटनेच्या अनुच्छेद २१ मधील जीविताच्या हक्कात उपजीविकेचा हक्क अंतर्भूत असल्याचे मान्य केले. पदपथावर अतिक्रमण करण्याचा हक्क कोणालाही नाही. तथापि ते हटवण्यापूर्वी सामान्यतः म्हणणे मांडण्याची संधी दिली पाहिजे, असे न्यायालयाने म्हटले. तक्रारदारांच्या बाजूने रतलाम नगरपरिषद विरुद्ध वर्धीचंद (१९८०) हा निर्णय महत्त्वाचा आहे. निधी नाही या सबबीवर नगरपरिषदेला सार्वजनिक उपद्रव दूर करण्याचे कर्तव्य टाळता येत नाही, असे त्यात ठरले.

पथविक्रेते

पथविक्रेता (उपजीविका संरक्षण व पथविक्री विनियमन) अधिनियम, २०१४ नुसार सर्वेक्षण पूर्ण होऊन प्रमाणपत्रे दिली जाईपर्यंत विद्यमान पथविक्रेत्यांना हटवता येत नाही. स्थलांतर किंवा निष्कासनापूर्वी ३० दिवसांची नोटीस आवश्यक असते. नगर पथविक्रेता समितीत किमान ४० टक्के सदस्य पथविक्रेत्यांतून निवडलेले असतात. हा कायदा शहरी भागासाठी असल्याने रिद्धपूरसारख्या गावातील विक्रेत्यांना त्याचा थेट आधार मिळत नाही. त्यांचे संरक्षण प्रामुख्याने नैसर्गिक न्यायाच्या तत्त्वांवर व कलम ५३ मधील अपिलावर अवलंबून असते.

निःपक्षपाती कार्यपद्धती

तक्रारीची नोंद करून पोच देणे, प्रत्यक्ष पाहणी करून पंचनामा करणे, त्रुटी स्पष्ट सांगणारी नोटीस देणे, सुनावणी घेणे आणि लेखी, सकारण आदेश काढणे हे अशा कार्यपद्धतीचे टप्पे होत. प्रकरणात हितसंबंध असलेल्या व्यक्तीने निर्णयात भाग घेऊ नये, हे नैसर्गिक न्यायाचे तत्त्व येथेही लागू होते. सारख्याच स्थितीतील अनेक दुकानांपैकी केवळ तक्रार झालेल्या दुकानावर कारवाई केल्यास पक्षपाताचा आक्षेप येऊ शकतो. मात्र इतरही नियम मोडतात, एवढ्यावरून विनापरवाना व्यवसाय वैध ठरत नाही. तक्रारीवर काय झाले, याची कागदपत्रे माहितीचा अधिकार अधिनियम, २००५ खाली मागता येतात व त्या अर्जाला सामान्यतः ३० दिवसांत उत्तर देणे बंधनकारक आहे.